येगिशे चारेंत्स (१८९७–१९३७) : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चारेंत्स कोण होता, हे चार ओळींत सांगता येईल का?

विसाव्या शतकातला पूर्व आर्मेनियन भाषेतला सर्वात मोठा कवी. मूळ नाव येगिशे सोघोमोन्यान. जन्म कार्स शहरात, मृत्यू येरेवानच्या तुरुंगात, वयाच्या चाळिसाव्या वर्षी. प्रतीकवादी तरुण, आघाडीवरचा स्वयंसेवक, लाल सैन्यातला सैनिक, रस्त्यावरच्या कवितेचा जाहीरनामा काढणारा बंडखोर, कादंबरीकार, सरकारी प्रकाशनसंस्थेतला संपादक आणि शेवटी 'जनतेचा शत्रू' हे सगळे टप्पे जेमतेम पंचवीस वर्षांत उरकले. प्रत्येक टप्प्यावर त्याने कवितेचा घाटही बदलला. त्यामुळे एकच कविता वाचून त्याच्याबद्दल मत बनवणाऱ्याची फसगत ठरलेली.

जन्मतारीख कुठे १३ मार्च, कुठे २५ मार्च. बरोबर कोणती?

दोन्ही. १८९७ साली कार्स रशियन साम्राज्यात होतं आणि तिथे जुनी, ज्युलियन दिनदर्शिका चालायची. एकोणिसाव्या शतकात दोन दिनदर्शिकांत १२ दिवसांचा फरक होता, म्हणून जुनी १३ मार्च म्हणजे नवी २५ मार्च. आर्मेनियात आजही १३ मार्चलाच त्याची जयंती पाळतात. लेख लिहिताना एक तारीख निवडा आणि ती कोणत्या पद्धतीची आहे ते सांगा. चूक होते ती विसाव्या शतकातला १३ दिवसांचा फरक इथे लावल्यामुळे. मग २६ मार्च ही तिसरीच तारीख तयार होते.

नाव देवनागरीत कसं लिहावं?

'येगिशे चारेंत्स' असं लिहिलं की पुरतं. इंग्रजीवरून उचलताना 'एघिशे', 'चारेन्ट्झ', 'त्चारेंत्स' असे प्रकार होतात, कारण रोमन लिपीतच या नावाची पाच-सहा रूपं फिरत असतात. मधला 'ग' घशातून येणारा, उर्दूतल्या 'ग़म'सारखा आहे.

पूर्व आर्मेनियनचे उच्चार मराठी माणसाला इंग्रज किंवा रशियन माणसापेक्षा लवकर जमतात. ब-प-फ, द-त-थ, ग-क-ख असा तिहेरी भेद त्या भाषेत आहे आणि तो आपल्या कानाला रोजचा. 'चाक'मधला च आणि 'चिमटा'मधला च हे दोन्ही तिथे आहेत, फक्त त्यांना वेगवेगळी अक्षरं आहेत. काटेकोर बोलायचं तर 'चारेंत्स'मधला च महाप्राण, म्हणजे 'छ'कडे झुकणारा आहे; पण 'छारेंत्स' लिहून वाचकाला गोंधळात टाकण्यात अर्थ नाही.

तो कार्सचा, पण कार्स तर तुर्कस्तानात आहे?

आज आहे. १८७८ पासून पहिल्या महायुद्धापर्यंत ते रशियाकडे होतं, १९१८ मध्ये तुर्कांकडे गेलं, १९१९ मध्ये आर्मेनियाच्या पहिल्या प्रजासत्ताकाकडे आलं, ३० ऑक्टोबर १९२० रोजी पुन्हा पडलं आणि १९२१ च्या कार्स करारानंतर कायमचं तुर्कस्तानात राहिलं. चारेंत्सचं घराणं मूळचं इराणमधल्या माकूचं, वडील गालिच्यांचे व्यापारी. शाळा त्याने कार्समध्येच केली आणि पहिलं छोटं पुस्तकही १९१४ मध्ये तिथेच निघालं.

'नैरी देश' ही त्याची एकमेव पूर्ण कादंबरी याच शहराच्या पडझडीची आहे. 'नैरी' हे अॅसिरियन शिलालेखांत या डोंगराळ प्रदेशाला दिलेलं प्राचीन नाव. कादंबरीत शहराचं नाव न घेता ते 'नैरी शहर' म्हणून येतं. रॉकेलचा व्यापारी माझुती हामो आणि त्याच्याभोवतीचे गावपुढारी मोठमोठ्या राष्ट्रीय स्वप्नांची भाषणं ठोकत राहतात आणि शहर हातचं जातं. उपरोध इतका धारदार की पहिल्या वाचनात लेखक हसतोय की रडतोय ते कळत नाही. पुस्तकरूपाने ती १९२६ मध्ये आली.

वाचायला सुरुवात कुठून करावी?

कालक्रमाने जाऊ नका. पहिल्या कविता धूसर आणि निळसर, त्या काळच्या रशियन प्रतीकवाद्यांच्या आणि आर्मेनियन कवी वाहान तेर्यानच्या छायेतल्या आहेत. त्यांच्यापासून सुरुवात करणारे बरेच जण तिथेच थांबतात.

आधी 'मी माझ्या गोड आर्मेनियाच्या…' ही सोळा ओळींची कविता घ्या (१९२०–२१ च्या 'ताघारान' या मालिकेतली). मग 'दान्तेची दंतकथा' (१९१५–१६). त्यानंतर 'सोम' आणि 'वेडावलेले जमाव' ही १९१८–१९ मधली दोन दीर्घकाव्यं एकापाठोपाठ एक. मग 'नैरी देश'. शेवटी 'वाटेचं पुस्तक' आणि त्यानंतरच्या, त्याच्या हयातीत न छापलेल्या कविता. या क्रमाने गेलं की मधली घोषणाबाज वर्षं (१९२२–२४) कुठे बसतात ते आपोआप कळतं आणि त्यांच्यावर फार वेळ जात नाही. जाऊही नये.

इंग्रजीतून वाचणार असाल तर डायाना देर होव्हानेसियान आणि मार्झबेद मार्गोसियान यांनी केलेला 'लँड ऑफ फायर' हा निवडक कवितांचा अनुवाद (१९८६) जुन्या ग्रंथालयांत आणि जुन्या पुस्तकांच्या दुकानांत सापडतो.

'मी माझ्या गोड आर्मेनियाच्या…' या कवितेत इतकं काय आहे? भाषांतरात तर ती देशभक्तीपर यादी वाटते.

वाटणारच, कारण भाषांतरात तिचा सांगाडाच गळून पडतो. एकूण सोळा ओळी, चार-चार ओळींची चार कडवी. प्रत्येक ओळीत १६ अक्षरं, चार-चारच्या चार तुकड्यांत. आपल्या लहान अभंगाचे ८-८ अक्षरांचे दोन चरण एका ओळीत ठेवले की जी चाल होते, तिच्या खूप जवळची ही चाल आहे.

आता यमकं पाहा. पहिल्या कडव्यातली पहिली, दुसरी आणि चौथी ओळ, आणि पुढच्या प्रत्येक कडव्याची शेवटची ओळ 'एम सिरुम' या शब्दांनी संपते. अर्थ 'मला प्रिय आहे'. त्याच्या आधी येणारे शब्द असे: बार्न, लार्न, पार्न, कार्न, यार्न, सार्न. गझल वाचणाऱ्याला हे लगेच ओळखू येईल. 'एम सिरुम' हा रदीफ (शेवटी जसाच्या तसा परत येणारा भाग) आणि 'आर्न' हा काफिया (त्याच्या आधीचं यमक). फक्त इथे दोन-दोन ओळींचे शेर नाहीत, चार ओळींची कडवी आहेत, आणि दुसऱ्या कडव्यापासून आधीच्या तीन ओळी आपापसात वेगळं यमक साधतात.

हा घाट आकाशातून पडलेला नाही. अठराव्या शतकात तिफ्लिसच्या (आजच्या तिबिलिसीच्या) दरबारात गाणारा आशुघ, म्हणजे गायक-कवी, सायात-नोव्हा अशाच फारसी-तुर्की वळणाच्या बंधांत आर्मेनियन, जॉर्जियन आणि अझरबैजानी भाषांत गात असे. 'ताघारान' ही सगळी मालिकाच चारेंत्सने त्याच्या पद्धतीने, जवळपास त्याचा अंगरखा घालून लिहिली. म्हणून त्यात 'यार' येतो, 'साझ' हे तंतुवाद्य येतं, आणि तिसऱ्या कडव्याच्या अखेरीस स्वतः आर्मेनियाच अनाथ, रक्ताने पेटलेली 'यार' होते. प्रेयसीला उद्देशून गाण्याचा जुना साचा देशाला लावणं हा या कवितेतला खरा डाव. भाषांतरात प्रेयसी निसटली की मागे यादीच उरते.

शिवाय ती यादी गोडगोड नाही. त्यात अंधारात हरवलेल्या झोपड्यांच्या, पाहुण्याचं स्वागत न करणाऱ्या काळ्या भिंती आहेत, ड्रॅगनच्या आवाजात घुमणारं हिमवादळ आहे, रक्त सुकलेल्या जखमा आहेत. शेवटच्या कडव्यात दोन नावं येतात, नारेकात्सी आणि कुचाक. पहिला दहाव्या शतकातला साधू-कवी, दुसरा सोळाव्या शतकातल्या प्रेमकवितांशी जोडलेलं नाव. एकाच ओळीत मठ आणि शेजघर दोन्ही. हे दोघे कोण ते ठाऊक नसेल तर ती ओळ सपाट जाते, म्हणून अनुवादात इथे तळटीप हवीच.

पहिल्या ओळीत 'सूर्याच्या चवीचं फळ' की 'सूर्याच्या चवीचा शब्द'?

दोन्ही भाषांतरं फिरतात आणि दोघांकडे कारण आहे. आर्मेनियनमध्ये दोन 'र' आहेत, एक मऊ आणि एक कडक. मऊ र घेतला तर 'बार' म्हणजे फळ, कडक घेतला तर शब्द. फरक एका अक्षराचा. छापील आवृत्त्यांत नेहमी दिसतो तो 'शब्द'. 'फळ'वाल्यांचं म्हणणं असं की पुढच्या सगळ्या काफियांत मऊ र आहे आणि चव फळालाच शोभते. आमचा कौल 'शब्द'ला. शब्दाला सूर्याची चव असणं ही कवीची झेप आहे. फळाला ती असणं कुणालाही सुचलं असतं. तुम्ही कोणतीही बाजू घ्या, पण दोन वेगवेगळ्या भाषांतरांच्या ओळी एकत्र करू नका.

'दान्तेची दंतकथा' वाचण्याआधी काय माहीत असावं?

एवढंच की हे कल्पनेतलं नरक नाही. १९१५ मध्ये, अठराव्या वर्षी, चारेंत्स आर्मेनियन स्वयंसेवकांच्या तुकडीत भरती होऊन वानच्या आघाडीवर गेला. ऑटोमन साम्राज्यातल्या आर्मेनियन लोकांचा नरसंहार तेव्हा चालू होता. तरुण मुलं गात-हसत निघतात, एकेक साथीदार पडतो, आणि ती माणसं एका मेलेल्या शहरात पोचतात, असा कवितेचा प्रवास आहे. दान्तेला नरकात वाट दाखवायला व्हर्जिल होता. इथे वाटाड्या कुणी नाही. ती १९१६ मध्ये तिफ्लिसला छापली गेली. तिच्यात सूड नाही, घोषणा नाही. नंतरचा गडगडाटी चारेंत्स आवडणाऱ्यांना ती कधीकधी थंड वाटते. आमच्या मते त्याने तिच्याइतकं नेमकं पुन्हा फार थोड्या वेळा लिहिलं.

'सोम' म्हणजे आपला वेदातला सोमच का?

तोच. १९१८ मधल्या या दीर्घकाव्याचं नावच वैदिक सोमावरून घेतलेलं आहे. क्रांती ही त्याला तेव्हा नशा आणि अग्नी दोन्ही वाटत होती, आणि पेयही असलेली, देवताही असलेली वस्तू त्याला ऋग्वेदात सापडली. त्या काळच्या रशियन प्रतीकवादी वर्तुळात भारतीय पुराणं आणि धर्मग्रंथांचं आकर्षण मोठं होतं. मराठी वाचकाने इथे एकच सावधगिरी बाळगावी. सोमसूक्तांशी ओळीला ओळ जुळवत बसू नका. चारेंत्सला यज्ञविधीत रस नाही; जग जाळून नवं करणाऱ्या धुंदीला त्याला नाव हवं होतं. 'वेडावलेले जमाव' हे त्याच धुंदीचं पुढचं रूप, फक्त तिथे देवतेच्या जागी शहरावर चालून जाणारा जमाव आहे.

तो कम्युनिस्ट होता की राष्ट्रवादी?

प्रश्न असा विचारला की उत्तर चुकतंच. तो लाल सैन्यात लढला, आणि आर्मेनियात सोव्हिएत सत्ता आली (डिसेंबर १९२०) तेव्हा मनापासून तिच्या बाजूने होता. नेमकं त्याच सुमारास सायात-नोव्हाच्या थाटातली, देशावर जीव टाकणारी 'ताघारान' लिहीत होता. दोन्ही एकाच टेबलावर, एकाच हाताने.

जून १९२२ मध्ये गेव्हॉर्ग आबोव्ह आणि आझात व्श्तुनी यांच्यासह त्याने 'तिघांची घोषणा' काढली: खोलीतली हळवी कविता बंद, रस्त्यावरची कविता सुरू. जुन्या साहित्यावर तोंडसुख घेतलं. दोन-तीन वर्षांत हा ज्वर ओसरला. १९२४–२५ मधल्या युरोपच्या प्रवासात इस्तंबूल, इटली, पॅरिस, बर्लिन पाहिल्यावर तो पुन्हा अभिजात घाटांकडे वळला. १९३० च्या 'महाकाव्याची पहाट'मध्ये तर स्वतःच्याच पिढीच्या घोषणाबाजीचा हिशेब मांडला. १९२८ पासून राज्य प्रकाशनसंस्थेच्या साहित्य विभागात त्याने आर्मेनियन अभिजात ग्रंथ आणि जागतिक साहित्याची भाषांतरं काढली. तेही कवितेइतकंच त्याचं काम मानायला हवं.

त्याच्यावर 'राष्ट्रवादी' हा शिक्का बसला तो तिशीच्या दशकात, आणि तो मारणाऱ्यांचा हेतू साहित्यसमीक्षेचा नव्हता.

त्याने एका तरुणीवर गोळी झाडली होती, हे खरं का?

खरं. सप्टेंबर १९२६, येरेवान. ती जखमी झाली, वाचली. त्याला शिक्षा झाली आणि काही महिन्यांत तो सुटला. त्याच काळात, जानेवारी १९२७ मध्ये, त्याची पहिली बायको आर्पेनिक वारली. तुरुंगातल्या दिवसांवर त्याने 'येरेवानच्या सुधारगृहातल्या आठवणी' हे गद्य लिहिलं, ते त्याच वर्षी छापलं गेलं. अनेक चरित्रलेख हा प्रसंग गाळतात किंवा 'कवीचा वेडेपणा' म्हणून मिरवतात. दोन्ही टाळा. तो गुन्हा होता.

'संदेश' या कवितेत लपलेलं वाक्य आहे म्हणतात. ते कसं शोधायचं?

'वाटेचं पुस्तक' या संग्रहात 'पातगाम', म्हणजे 'संदेश', नावाची कविता आहे. वरवर वाचली तर काळाला साजेशी, सोव्हिएत सूर्याचं स्वागत करणारी. पण प्रत्येक ओळीचं दुसरं अक्षर घेऊन वरून खाली वाचलं की वाक्य तयार होतं: 'हे आर्मेनियन जनते, तुझं एकमेव तारण तुझ्या सामूहिक शक्तीत आहे.'

दुसरंच अक्षर का? ओळीच्या पहिल्या अक्षरांत नाव किंवा वाक्य गुंफणं ही जुन्या आर्मेनियन भजनकारांची सर्रास रीत होती. तपासणारा आधी तिथेच बघणार. दुसरं अक्षर म्हणजे तीच परंपरा, एक घर सरकवून.

स्वतः पडताळून पाहायचं असेल तर मूळ आर्मेनियन लिपीतला पाठ घ्या. रोमन किंवा देवनागरी लिप्यंतरावर हे जमत नाही. एका आर्मेनियन अक्षराला रोमनमध्ये दोन अक्षरं लागतात, आणि उलट 'उ' हा स्वर आर्मेनियन लिपीत दोन चिन्हांनी लिहितात. म्हणून ध्वनी मोजायचा नाही, चिन्ह मोजायचं. पाठ कागदावर छापा, प्रत्येक ओळीच्या दुसऱ्या चिन्हाला पेन्सिलने गोल करा, कडव्यांमधली मोकळी जागा सोडून द्या आणि सलग वाचा. ओळीच्या सुरुवातीचं विरामचिन्ह किंवा अवतरणचिन्ह मोजू नका.

तरीही जुळत नसेल तर बहुधा दोनपैकी एक कारण असतं. पहिलं, इंटरनेटवरच्या पाठात लांब ओळ मोडून दोन ओळी झालेल्या असतात. मग तिथून पुढे एक फालतू अक्षर मध्ये घुसतं. दुसरं, लेखनपद्धती. १९२२ मध्ये सोव्हिएत आर्मेनियाने लेखनात सुधारणा केली, त्यात 'ए' आणि 'ओ'ची दोन वेगळी अक्षरं काढून टाकली. १९४० मध्ये ती परत आली. चारेंत्सचं पुस्तक या दोन तारखांच्या मधलं. त्यामुळे आजच्या लेखनाप्रमाणे एखादं अक्षर अपेक्षित धरलं तर तिथे त्याचा जुळा भाऊ दिसू शकतो. वाक्य तेच आहे.

'वाटेचं पुस्तक' १९३३ चं की १९३४ चं?

छापलं गेलं १९३३ मध्ये, पण विक्रीला जाण्याआधीच अडवलं गेलं. काही मजकूर बदलून-वगळून ते १९३४ मध्ये बाहेर आलं. वगळलेल्यांत 'अकिलीस की पिएरो?' हे नाट्यरूप दीर्घकाव्य होतं. म्हणून दोन्ही सालं दिसतात. याच पुस्तकात 'मासिस पर्वताकडे' (मासिस म्हणजे आरारात) हे काव्य आहे: १८४८ मध्ये एका पहाटे घरातून निघून कायमचा नाहीसा झालेला आर्मेनियन कादंबरीकार खाचातुर आबोव्यान, त्याची शेवटची रात्र. चारेंत्सच्या जिवंतपणी निघालेलं हे शेवटचं पुस्तक ठरलं.

अटक कशामुळे झाली?

एका कवितेमुळे नाही. आर्मेनियन कम्युनिस्ट पक्षाचा पहिला सचिव आघासी खांज्यान हा त्याचा पाठीराखा होता. ९ जुलै १९३६ रोजी तिफ्लिसमध्ये खांज्यान मेला. अधिकृत कारण आत्महत्या; स्टालिनचा विश्वासू बेरिया याने त्याला मारलं, असं पुढे उघडपणे बोललं गेलं. चारेंत्सने त्याच्यावर सात सुनीतं लिहिली, 'नैरीचा दोफँ' या नावाची, म्हणजे नैरीचा युवराज. ती तेव्हा छापणं अशक्यच होतं. त्यानंतर छत्र गेलं. पुस्तकं मागे घेतली गेली, तो घरातच अडकल्यासारखा झाला, मॉर्फिनचं व्यसन आणि आजारपण होतंच. जुलै १९३७ मध्ये त्याला पकडलं. त्याच महिन्यात त्याचा मित्र, गद्यलेखक आक्सेल बाकुन्त्स याला गोळी घालण्यात आली. दुसरा मित्र गुर्गेन माहारी आधीच अटकेत होता आणि सायबेरियात वर्षं काढून परतला.

चारेंत्स २७ नोव्हेंबर १९३७ रोजी कैदेत मेला. 'त्याला गोळी घातली' असं अनेक ठिकाणी लिहिलेलं आढळतं. ते बाकुन्त्सच्या शेवटाशी केलेली सरमिसळ आहे. त्याची कबर नाही. दुसरी बायको इझाबेला हिलाही अटक झाली. आर्पेनिक आणि अनाहित या दोन लहान मुली मागे राहिल्या. थोरलीचं नाव पहिल्या बायकोवरून ठेवलेलं.

मग शेवटच्या वर्षांतल्या कविता उरल्या कशा?

रेगिना घाझारयानमुळे. ही तरुण चित्रकार चारेंत्सच्या घरच्यासारखी होती. हस्तलिखितांची चळत तिच्याकडे सोपवली गेली आणि तिने ती जमिनीत पुरून ठेवली. पकडली गेली असती तर काय झालं असतं, ते सांगायला नको. वर्षानुवर्षं ओल लागून काही पानं खराब झाली, पण बहुतेक वाचली. चारेंत्सचं नाव पुन्हा घेता येऊ लागल्यावर तिने कागद बाहेर काढले.

शेवटच्या कवितांच्या आवृत्त्यांत कुठे कुठे ओळी तुटक दिसतात, कंसात ठिपके येतात. तो कवीचा आधुनिक प्रयोग समजू नका. तिथे कागदच गेला आहे. कोमितासवरचं 'रेक्वियम' हे काव्य याच काळातलं: संगीतकार कोमितास १९३५ मध्ये पॅरिसला वारला, १९३६ मध्ये त्याचा देह येरेवानला आणला, आणि चारेंत्सने ते लिहिलं.

त्याचं नाव पुन्हा कधी घेता आलं?

११ मार्च १९५४. आनास्तास मिकोयान या सोव्हिएत नेत्याने येरेवानमधल्या भाषणात चारेंत्सचं नाव आदराने घेतलं आणि त्याच्या कवितांवरची बंदी चुकीची ठरवली. ख्रुश्चेव्हचं स्टालिनवर टीका करणारं गाजलेलं भाषण त्यानंतर दोन वर्षांनी झालं, हे लक्षात ठेवा. नंतर कायदेशीर निर्दोषत्व, पुन्हा छपाई, रस्ते, शाळा हे सगळं ओघाने आलं. १९६७ मध्ये कोताय्क भागातल्या एका औद्योगिक गावाचं नाव चारेंत्सावान झालं.

येरेवानला गेलो तर काय पाहावं?

पहिला गोंधळ टाळा: त्याच्या नावाची दोन संग्रहालयं आहेत. माश्तोत्स हमरस्त्यावरचं १७ क्रमांकाचं घर हे त्याचं राहतं घर, १९३५ ते १९३७. १९७५ पासून ते घर-संग्रहालय आहे. त्याच्या खोल्या, पुस्तकं, सामान तिथे आहे. दुसरं, आराम रस्त्यावरचं 'चारेंत्स साहित्य आणि कला संग्रहालय', हे नावापुरतं त्याचं. तिथे अनेक आर्मेनियन लेखक-कलावंतांची कागदपत्रं आहेत. टॅक्सीवाल्याला नुसतं 'चारेंत्स म्युझियम' म्हटलं की कुठेही सोडेल. रस्त्याचं नाव आणि घरक्रमांक दाखवा.

दुसरी जागा चारेंत्स कमान. येरेवानहून गार्नीला जाणाऱ्या रस्त्यावर, वोघ्जाबेर्दजवळ, वास्तुशिल्पी राफायेल इस्रायेल्यानने १९५७ मध्ये बांधलेली दगडी कमान. आत उभं राहिलं की समोर आरारात. कमानीवर त्याच सोळा ओळींच्या कवितेतल्या शेवटच्या दोन ओळी कोरल्या आहेत: जगभर फिरलात तरी आरारातसारखं शुभ्र शिखर नाही… पर्वत तुर्कस्तानात आहे, ५,१३७ मीटर उंच, आणि आर्मेनियातून तो फक्त बघता येतो. उन्हाळ्यात दुपारी धुरकटपणामुळे तो अनेकदा दिसत नाही, म्हणून सकाळी लवकर जा. गार्नी आणि गेघार्दच्या सहलीच्या गाड्या याच रस्त्याने जातात. चालकाला निघतानाच सांगितलं तर दहा मिनिटं थांबतो.

हजार द्रामच्या नोटेवर चारेंत्स आहे, असं वाचून लोक नोट मागतात आणि हातात भलताच चेहरा येतो. चारेंत्स जुन्या मालिकेतल्या नोटेवर आहे. २०१८ च्या मालिकेत हजाराच्या नोटेवर पारुयर सेवाक हा नंतरच्या पिढीचा कवी आला.

मराठीत अनुवाद करायचा आहे. काय जपावं?

सोळा ओळींची कविताच उदाहरण म्हणून घेऊ. मधल्या भाषेतून करणार असाल तरी आधी मूळ आर्मेनियन पठण दहा-बारा वेळा ऐका. चार-चारचा ठेका कानात बसल्याशिवाय लेखणी उचलू नका.

पहिली अडचण रदीफाची. आर्मेनियनमध्ये व्याकरणिक लिंग नाही, त्यामुळे 'एम सिरुम' सहाही वेळा जसंच्या तसं राहतं. मराठीत 'आवडतो' घेतलं की 'तार' आली की 'आवडते', 'नृत्य' आलं की 'आवडतं', आणि रदीफ तिथेच मोडला. म्हणून लिंगाप्रमाणे न बदलणारं रूप घ्या: 'मला प्रिय', 'माझे प्रेम' वगैरे. दुसरी अडचण काफियाची. सहा शब्दांचे अर्थ शब्द (किंवा फळ), तार, नृत्य, दगड, यार, पर्वत. मराठीत हे आपसात जुळत नाहीत. 'तार' आणि 'यार' मात्र फुकट मिळतात. तेव्हा 'आर' हाच काफिया धरून बाकीच्या चार जागा भरण्याचा प्रयत्न करा. नाहीच जमलं तर काफिया सोडा, पण रदीफ आणि १६ अक्षरं सोडू नका. कवितेचा श्वास त्यांच्यात आहे. अक्षरं मोजताना शेवटचा पाय मोडलेला व्यंजन वेगळा धरू नका.

'संदेश'चा अनुवाद करताना दुसऱ्या अक्षरातलं वाक्य मराठीतही गुंफायचं असेल तर आधी नियम ठरवा: मात्रेसकट पूर्ण अक्षर म्हणजे एक, जोडाक्षरही एकच. मग लपवायचं मराठी वाक्य शक्य तितकं आखूड करा, ते उभं लिहून काढा आणि प्रत्येक ओळ त्या अक्षराभोवती बांधा. उलट क्रमाने, म्हणजे आधी सुंदर ओळी लिहून मग अक्षरं बसवायला गेलात तर तीन-चार ओळींनंतर अर्थ ओढाताण सहन करत नाही. हे जमत नसेल तर गद्य अनुवाद द्या आणि लपलेलं वाक्य वर स्पष्ट लिहा.

नावांना मराठी पेहराव घालू नका. मासिस हा आरारातच, त्याचा हिमालय करू नये.

चारेंत्सनंतर कोणाला वाचावं?

मागे जायचं असेल तर सायात-नोव्हा, मग वाहान तेर्यान आणि होव्हानेस तुमान्यान. पुढे यायचं असेल तर पारुयर सेवाक. दानिएल वारुझान हा १९१५ मध्ये मारला गेलेला मोठा कवी चारेंत्सबरोबर एकाच संग्रहात भेटतो, पण तो पश्चिम आर्मेनियनमध्ये लिहायचा. त्या बोलीत ब-प, द-त, ग-क यांचे उच्चार जवळपास अदलाबदल होतात. चारेंत्सवरून शिकलेला उच्चार घेऊन वारुझान मोठ्याने वाचू नका.